अनारशांवरची खसखस

कोणी आपले ओझे स्नेहापोटी उचलून आणावे आणि त्या ओझ्यापायी त्याच्याच नावाला काळिमा लागावा, अशा वेळी ज्याचे ते ओझे होते त्याने केवळ मौन राखले, तरी ते असत्याचरण ठरते काय? न्यायालयात हा प्रश्न सहसा विचारला जात नाही, कारण तेथे ज्याच्या हाती वस्तू सापडली त्याचीच चौकशी होते. तो घरात, आपल्याच माणसांसमोर सोडवावा लागतो. आणि सोडवताना कोणाच्या वाट्याला काय येईल हे आधी कळण्याची सोय नसते. शारजातील रोल्ला भागात राहणाऱ्या एका कुटुंबाने एकोणीसशे अठ्ठ्याण्णवच्या दिवाळीत तो कसा सोडवला, त्याची ही हकीकत आहे.

शैलेंद्र बर्वे एका बांधकाम कंपनीत इमारतींच्या खर्चाचे अंदाज बांधण्याच्या कामावर होता. पत्नी साधना आणि दहावीत शिकणारी कन्या शुभ्रा यांच्यासह त्याला मुंबईहून येऊन दोन वर्षे झाली होती. समोरच्या दारी बदरुद्दीन परकार राहत. ते रत्नागिरीजवळच्या खाडीकाठच्या गावचे. वीस वर्षांपासून आखातात. त्याच इमारतीच्या तळमजल्यावर त्यांचे व्हिडिओ कॅसेटचे दुकान होते. त्यांची पत्नी शहरबानू, आणि मुलगी तहसीन शुभ्राच्याच वर्गात. ईदला परकारांकडून शिरखुर्मा येई, दिवाळीला बर्व्यांकडून फराळाचे ताट जाई, आणि एरवीही दोन्ही घरांची भांडी एकमेकांच्या फडताळात सापडत.

आदल्या वर्षीच्या दिवाळीत साधनाने अनारसे केले खरे, पण गावातली सारी दुकाने पालथी घालूनही तिला खसखस मिळाली नाही. मलबारी दुकानदार नुसता हसे, मान हलवी आणि तिला चेची, म्हणजे ताई, म्हणत सांगे, “नहीं आता, चेची, इधर नहीं आता.” माल कमी येत असेल, असे तिने मानले. शेवटी तिने तीळ लावले. बदरुद्दीन यांनी एक अनारसा तोडला, डोळे मिटून खाल्ला आणि निकाल दिला, “वहिनी, चव बरी हाय. पण ह्याला अनारसा नाय बोलायचं. ह्या तीळगूळ झाला.”

हे वाक्य साधनाच्या मनात वर्षभर राहिले. त्यामुळे बदरुद्दीन पुतणीच्या लग्नासाठी गावी निघाले आणि परतताना मुंबईहून तुमचा डबा आणतो म्हणाले, तेव्हा तिने सासूबाईंना फोन लावला.

“माई, भाजणी पाठवा, अनारशाचं पीठ पाठवा, आणि खसखस विसरू नका हं. इथे कुठेच मिळत नाही.”

शहरबानूला तिने विचारले असते, तर खसखस या देशात का मिळत नाही ते तिला तेव्हाच कळले असते. परंतु खऱ्या अनारशांचे ताट परकारांच्या घरी अवचित न्यायचे, असा तिचा बेत होता. म्हणून सगळ्या गावाला विचारूनही तिने तेवढे समोरच्या दारी विचारले नाही.

निघण्याच्या आदल्या गुरुवारी बदरुद्दीन यांनी शैलेंद्रच्या हाती एक कॅसेट ठेवली. जुने, कृष्णधवल इंग्रजी चित्रपट हा या दोघांचा समान छंद होता. दुकानातला तो खण इतर कोणी उघडतही नसे.

“ही बघा, शैलेंद्रभाऊ. इंग्लंडची, पन्नास सालच्या आगेमागेची. बत्तीवाल्याची गोष्ट.”

चित्रपट साधाच होता. समुद्राकाठच्या लहान गावातील दीपगृहाच्या रखवालदारावर आळ येतो की, वादळाच्या वेळी त्याने दिवा विझू दिला आणि म्हणून जहाज फुटले. गाव त्या कुटुंबाशी बोलणे टाकते. त्याची बायको मात्र दर रविवारी मुलांना स्वच्छ कपडे घालून चर्चमध्ये नेते आणि नेहमीच्याच पुढच्या बाकावर बसवते. मागचे बाक रिकामे होत जातात. शेवटी एक म्हातारी काठी टेकत येते आणि त्यांच्या शेजारी बसते. त्या जहाजावर तिचाच मुलगा बुडालेला असतो.

“इट्स सो स्लो, बाबा,” म्हणत शुभ्राने तो पुरा पाहिला आणि दुसऱ्या दिवशी जिन्यात बदरुद्दीन यांना गाठले. “अंकल, व्हाय डझ शी सिट देअर? हर ओन सन डाइड!”

बदरुद्दीन हसले. “कोर्टात काय निकाल लागतो ते मी दर वेळेला विसरतो, पोरी. म्हातारी येऊन बसते, तेवढं विसरत नाय.”

आखातात एक रिवाज आहे. गावी जाणारा माणूस चार घरांचे सामान नेतो आणि येताना चार घरांचे आणतो. कोणी औषधे देतो, कोणी लोणचे, कोणी बाळंतिणीचे लाडू. दुसऱ्याचा डबा शिवून आला की तो उघडायचा नाही, आत काय आहे हेही विचारायचे नाही. विचारले तर देणाऱ्यावर अविश्वास दाखवल्यासारखे होते. बदरुद्दीन हा रिवाज नमाजाच्या वेळेइतक्या निष्ठेने पाळत. माईंनी गिरगावातल्या घरी त्यांना चहा दिला, कापडात शिवलेला पत्र्याचा डबा हाती दिला आणि त्यांनी तो कपाळाला लावल्यासारखा करून पिशवीत ठेवला. आत खसखस आहे असे त्यांना कळते, तर त्यांनी ती माईंच्याच स्वयंपाकघरात परत ठेवायला लावली असती. त्यांना ठाऊक होते की या देशाच्या कायद्यात खसखशीची गणना अफूच्या बोंडाबरोबर होते.

विमानतळावर डबा उसवला गेला. अधिकाऱ्याने विचारले, “यह सामान किसका है?”

बदरुद्दीन यांनी पुडी पाहिली आणि त्यांना सारे उमगले. ते म्हणाले, “मेरा है, साहब.”

शहरबानू बर्व्यांच्या दारी आली ती दुसऱ्या दिवशी दुपारी. एरवी ती साद घालत सरळ स्वयंपाकघरात शिरे. त्या दिवशी उंबऱ्यापलीकडेच थांबली. डोक्यावरचा दुपट्टा तिने दोन्ही हातांनी धरला होता.

“शौकत त्यांना भेटून आला,” ती म्हणाली. शौकत हा तिचा भाऊ. त्याला अरबी चांगली येत असे. “बरे हायत. मारलं-बिरलं नाय कोणी. चहा पण देतात. त्यांनी डबा आपलाच म्हणून लिहून दिलंय. निरोप हाय की तुम्ही दोघांनी गप्प बसायचं. शुभ्राची दहावी हाय बोलले.”

“भाभी, आत या.”

“नको. आता नको, साधना. बिल्डिंगवाले बघतायत.”

दार लागले. साधना तिथेच भिंतीला टेकून उभी राहिली. तिला त्या क्षणी सर्वांत अधिक लागले ते हे की, पोलिसांच्या ताब्यातल्या माणसाला आपल्या मुलीची परीक्षा आठवली.

त्या संध्याकाळी शैलेंद्रचा मित्र सुजीत आला. तो एका विमा कंपनीत होता आणि प्रत्येक प्रसंगातील धोका मोजून सांगणे ही त्याची सवयच झाली होती.

“हे बघ शैल्या, लॅबमध्ये टेस्ट होईल. खसखस आहे हे कळेल. थोडे दिवस ठेवतील, सोडतील. तू मध्ये उडी मारलीस तर तोही आत, तूही आत. खलास.”

“आणि नाही सोडलं तर?” साधनाने विचारले.

“वहिनी, तुम्ही इमोशनल होताय.”

“तुमच्या आईंची औषधं मागच्या खेपेला कोणी आणली होती?”

सुजीतने पाण्याचा पेला उचलला. “ती औषधं होती.”

“त्यांनी उघडून पाहिली होती?”

“नाही… पण प्रॅक्टिकल विचार करा ना! जामीन राहायचं म्हटलं तर पासपोर्ट द्यावा लागतो. याचा पासपोर्ट कंपनीच्या तिजोरीत. मागायला गेला की पहिला प्रश्न, कशाला हवा? काय सांगणार? ड्रग्जच्या केससाठी?”

शैलेंद्र भित्रा नव्हता. परंतु प्रत्येक गोष्टीला काय पडते याचा हिशेब बांधणे हा त्याचा व्यवसाय होता, आणि या वेळी हिशेबाच्या दोन्ही बाजूंना माणसेच होती. अखेर तो म्हणाला, “दहावीचा फॉर्म भरून होऊ दे. तोवर रिपोर्ट येईलच. मग बघू.”

“मग काय बघायचं?” साधना शांतपणे म्हणाली. “खसखस मी मागवली. हे आज खरं आहे, दहावीनंतरही खरंच असणार.”

तिने वाद वाढवला नाही. पण त्या दिवसापासून तिने एक गोष्ट केली. परकारांच्या दारासमोरून जाताना ती थांबे, दार वाजवी, शहरबानूने उघडले नाही तरी जेवणाचा डबा कठड्यावर ठेवी आणि मोठ्याने, सगळ्या मजल्याला ऐकू जाईल असे सांगे, “भाभी, डबा ठेवलाय हो.”

इमारतीत कुजबुज सुरू झालीच होती. कॅसेटच्या दुकानाची झडप अर्धी ओढलेली असे. शौकत आत बसे आणि गिऱ्हाईक येत नसे. ज्यांच्या लग्नामुंजीच्या चित्रफिती बदरुद्दीन यांनी रात्ररात्र जागून उतरवून दिल्या होत्या, ते पलीकडच्या फुटपाथने जात. परकारांच्या खिडकीचे पडदे दिवसाही ओढलेले राहू लागले.

एका दुपारी शुभ्रा शाळेतून आली आणि दप्तर न काढताच खुर्चीवर बसली.

“नोबडी सॅट विथ तहसीन इन द बस टुडे.”

“आणि तू?”

“आय वॉज ऑलरेडी सिटिंग विथ वैभवी.”

साधनाने तिच्यासमोर ताट ठेवले. शुभ्रा ताटाकडे पाहत राहिली. मग तिचा आवाज फुटला. “देअर वॉज स्पेस, आई. आय सॉ इट. आय डिडन्ट गो.”

शैलेंद्र त्या दिवशी लवकर घरी आला होता. तो दारातच उभा होता. मुलीने उच्चारलेले वाक्य आपल्याच तोंडातून निघाले असावे, तसे त्याला वाटले. तो आत गेला.

मराठी मंडळाचा दिवाळी फराळ एका सभागृहात होता. दिवे होते, रांगोळी होती, लहान मुलांची नाच-गाणी झाली होती आणि आता बायका एका बाजूला, पुरुष दुसऱ्या बाजूला ताटल्या घेऊन बसले होते. वैभवीची आई साधनाच्या शेजारी होती. ती मनाने वाईट नव्हती; तिला सगळ्या बातम्या आपल्याकडे आधी असाव्यात एवढीच हौस होती.

“तुमच्या समोरच्यांचं ऐकून धक्काच बसला ग साधना. ड्रग्ज म्हणे! कॅसेटच्या दुकानाआड काय काय चालत असेल, देव जाणे.”

“तुझ्या दिराच्या लग्नाची कॅसेट त्यांनीच कॉपी करून दिली ना?” पलीकडची एक हसत म्हणाली.

“म्हणून तर अंगावर काटा येतो! घरात येऊन गेलाय माणूस. सोफ्यावर बसून चकल्या खाल्ल्यान.”

“किती खाल्ल्या, तेही लक्षात असेल तुझ्या.”

हशा झाला. साधनाने ताटलीतला अनारसा उचलून पाहिला.

“छान झालाय,” ती म्हणाली. “पण वर तीळ आहेत.”

“मग काय करणार? खसखस मिळते का इथे?”

“मलाही मिळाली नाही. म्हणून मी सासूबाईंकडून मागवली. बदरुभाईंच्या सामानात जी सापडली, ती तीच. ड्रग्ज नव्हेत. माझी अनारशांची खसखस.”

बोलणे एकेका खुर्चीवरून विझत गेले. वैभवीच्या आईने तिच्या मनगटावर हात ठेवला. “अग, हळू बोल. लोक ऐकतील.”

“मघापासून त्यांचं नाव तुम्ही मोठ्याने घेत होतात,” साधना म्हणाली. “माझं हळू का घेऊ?”

ती उभी राहिली. तिचा आवाज चढला नव्हता, तरी तो पुरुषांच्या बाजूपर्यंत पोहोचला. “त्यांना ठाऊकही नव्हतं डब्यात काय आहे. विचारलं, तेव्हा त्यांनी आमचं नाव सांगितलं नाही. आज ते तिथे आहेत आणि मी इथे फराळ करते आहे. हे मला आता जमणार नाही.”

सुजीत पलीकडून घाईने उठला आणि शैलेंद्रचा दंड धरून पुटपुटला, “तिला घरी ने. आत्ता. बरं नाही म्हणून सांग.”

शैलेंद्रने दंड सोडवून घेतला. सभागृह ओलांडून तो साधनाच्या शेजारी जाऊन उभा राहिला. त्याला भाषण करण्याची सवय नव्हती.

“खसखस आमची आहे,” तो म्हणाला. “उद्या सकाळी आम्ही तसं सांगायला जातोय. ज्यांना आमच्याकडे येणं बंद करायचं असेल त्यांनी करावं. पण परकारांच्या नावाने कोणी बोलू नये.”

गाडीत बसल्यावर साधनाने विचारले, “राग आला?”

“आला ना.”

“मी न विचारता बोलले म्हणून?”

“माझ्याआधी बोललीस म्हणून.”

मागच्या आसनावरून शुभ्रा म्हणाली, “आय ॲम कमिंग टू.”

“तुझी युनिट टेस्ट आहे उद्या.”

“देन आय विल मिस इट.” आणि थोडे थांबून, मराठीत, “मी येणार, बाबा.”

सकाळी शैलेंद्र प्रथम कंपनीत गेला. पासपोर्ट कशासाठी हवा, हे त्याने व्यवस्थापकाला आडवळण न घेता सांगितले. व्यवस्थापक बराच वेळ पेन्सिल टेबलावर आपटत राहिला. शेवटी त्याने तिजोरी उघडली आणि पासपोर्ट पुढे सरकवला.

“ले जाओ. तुम आदमी अच्छे हो, बर्वे. लेकिन यह वापस मेरे टेबल पे मत लाना.”

नोकरी आता फार दिवसांची नाही, हा त्या वाक्याचा अर्थ शैलेंद्रला कळला. त्याने “थँक यू, सर” म्हटले आणि तो बाहेर आला. गाडीत दोघी वाट पाहत होत्या. साधनाने त्याच्या चेहऱ्याकडे पाहिले. विचारण्यासारखे काही उरले नव्हते. तिने सीट बेल्ट लावला आणि म्हणाली, “चला.”

“यल्ला,” तो म्हणाला आणि त्याने गाडी सुरू केली.

सरकारी वकिलांच्या कार्यालयातील व्हरांड्यात एक लांब बाक होता. त्याच्या एका टोकाला शहरबानू आणि तहसीन बसल्या होत्या. त्यांच्याशी दोन शब्द बोलून शौकत आत चौकशीला गेला होता. व्हरांड्यात माणसे पुष्कळ होती, पण कुठल्या प्रकरणासाठी या मायलेकी आल्या आहेत हे कळलेले दोघे-तिघे उठून भिंतीपाशी उभे राहिले होते. बाकाचे दुसरे टोक रिकामे होते.

शुभ्रा शाळेच्या गणवेशातच आली होती. आईबापांच्या पुढे चालत ती गेली आणि रिकाम्या टोकाला न बसता तहसीनला अगदी खेटून बसली.

तहसीनने वळून पाहिले नाही. “यू हॅव अ टेस्ट टुडे.”

“सो डू यू.”

“फिजिक्स.”

“आय नो. आय हेट फिजिक्स.”

त्यांच्या पलीकडे साधना बसली, तिच्या पलीकडे शैलेंद्र. बाक भरला. शहरबानू खालच्या आवाजात म्हणाली, “साधना, त्यांनी बजावलं होतं ना गप्प बसा म्हणून?”

“बजावलं होतं. मी ऐकलं नाही.”

“त्यांचं ऐकतं कोण?” असे म्हणत शहरबानूने डोळ्यांना दुपट्टा लावला. “मीच नाय ऐकलं कधी.” आणि मग किती दिवसांनी कोण जाणे, ती थोडी हसली.

आत बोलावल्यावर साधनाने सारे क्रमाने सांगितले. समोर एक तरुण अधिकारी होता. दुभाष्या हिंदीत विचारत होता. अधिकाऱ्याने दोनदा बजावले की या जबाबाचा परिणाम तिच्यावर होऊ शकतो. ती म्हणाली, “मालूम है.” मग त्याने विचारले की ही वस्तू घरात कशासाठी लागते.

साधनाने अनारसे सांगितले. तांदूळ भिजवावेत, रोज पाणी बदलावे, निथळून कुटावेत, गूळ घालून मुरवावेत, गोळी खसखशीवर थापावी आणि तुपात सोडावी. एकाच बाजूने तळावी, उलटायची नाही. दुभाष्याची त्रेधा उडाली, पण तो नेटाने सांगत राहिला.

“उलटायचं का नाही?” अधिकाऱ्याने कुतूहलाने विचारले.

“उलटलं तर खसखस करपते.”

अधिकारी स्वतःशी बोलल्यासारखे काही म्हणाला. दुभाष्याने सांगितले, “बोलतात, त्यांची आजी लुकैमातवर तीळ घालते. तळलेले गोड गोळे असतात. तुम्हीही तीळच घाला.” अधिकाऱ्याचा चेहरा पुन्हा पूर्ववत झाला. “आणि म्हणतात, कायदा कायदा आहे. तो न जाणणे हे उत्तर होत नाही.”

“बरोबर आहे,” साधना म्हणाली. “उत्तर म्हणून नाही सांगितलं. ती वस्तू त्यांची नाही, एवढंच सांगायला आलेय.”

बदरुद्दीन यांना समोर आणले गेले. दाढी वाढली होती, सदरा चुरगळला होता. साधनाला पाहताच त्यांचा चेहरा पडला.

“वहिनी, कशाला आलात? सगळ्यांत मोठं खूळ तुमचंच.”

अधिकाऱ्याने दुभाष्याकरवी त्यांना विचारले की त्यांनी खोटे का सांगितले.

“झूठ नहीं बोला, साहब,” बदरुद्दीन म्हणाले. “मेरे हाथ में था, तब तक मेरा था.”

दुभाष्याने ते अरबीत सांगितले. अधिकाऱ्याने ऐकले, मान खाली घातली आणि लिहू लागला. शैलेंद्रने खिशातून पासपोर्ट काढून टेबलावर ठेवला, तेव्हाही तो लिहीतच होता.

प्रकरण त्या सकाळीच मिटले असे नाही. साधनाला बराच काळ त्या कार्यालयात हजेरी द्यावी लागली, आणि प्रत्येक खेपेला शहरबानू तिच्या सोबत जाऊन त्याच बाकावर बसली. प्रयोगशाळेचा अहवाल आला, न्यायाधीशांनी साधना आणि बदरुद्दीन या दोघांना कडक समज दिली, डब्यातील जिन्नस नष्ट करण्यात आले आणि पासपोर्ट परत मिळाला. बदरुद्दीन मात्र त्या जबाबानंतर लवकरच घरी आले होते. पडदे उघडले गेले. शैलेंद्रची नोकरी वर्षाअखेरीस संपली. त्याला रास अल खैमातील फरशांच्या कारखान्यात, पहिल्यापेक्षा खालच्या जागेवर काम मिळाले आणि तो रोज इतरांबरोबर एका गाडीतून जाऊ-येऊ लागला. मंडळातील काही घरांनी बर्व्यांकडे येणे खरोखरच थांबवले. त्याची त्या घरात कोणी तक्रार केली नाही. शुभ्रा आणि तहसीन यांची ती चुकलेली चाचणी शाळेने पुन्हा घेतली. दोघींनाही फार बरे गुण मिळाले नाहीत.

दुकानात गिऱ्हाईक परतायला वेळ लागला. एके संध्याकाळी सुजीत आला, खणातल्या कॅसेटी उगाच चाळत उभा राहिला आणि म्हणाला, “बदरुभाई, एखादी चांगली द्या.”

बदरुद्दीन म्हणाले, “तुमच्या आईंच्या औषधांचं काय? पुढच्या महिन्यात चाललोय.”

सुजीतने हातातली कॅसेट खणात ठेवली. “आणाल तुम्ही?”

“आणतो की. पण आता शिवलेला डबा घेत नाय. माझ्यासमोर भरायचा, मग मी शिवणार. नवीन कायदा केलाय मी.”

आणि खरोखरच त्यानंतर रोल्लातील पुष्कळ घरांनी तो नियम स्वीकारला. डबा नेणाऱ्यासमोर भरावा, मग शिवावा. यात अविश्वास मानू नये, उलट नेणाऱ्याची काळजी मानावी, असे लोक एकमेकांना सांगू लागले.

त्या वर्षीचे अनारसे दिवाळी उलटून गेल्यावर झाले. माईंनी दुसऱ्या कोणाबरोबर पीठ पाठवले होते, आणि फोनवर त्या रडतच होत्या, “माझ्या हातून काय झालं ग हे!” साधनाने त्यांना समजावले आणि फोन बदरुद्दीन यांच्या हाती दिला. “माई, चहा फक्कड होता तुमचा,” ते म्हणाले. “पुढल्या खेपेला परत येणार मी.” पलीकडून माई म्हणाल्या, “ये हो बाबा. घर तुझंच आहे.”

ताट घेऊन साधना समोरच्या दारी गेली. अनारशांवर तीळ होते. बदरुद्दीन यांनी एक उचलला, डोळे मिटून खाल्ला. सर्वजण त्यांच्या तोंडाकडे पाहत राहिले.

“तीळगूळच बरा,” ते म्हणाले. “आणि शैलेंद्रभाऊ, ती बत्तीवाल्याची कॅसेट कधी आणून देताय? केव्हाची तुमच्याकडेच हाय.”

ज्या माणसाने दुसऱ्याचे ओझे आपले म्हटले आणि ज्या घराने आपले ओझे आपलेच म्हटले, त्यांची दारे अशीच समोरासमोर उघडी राहोत. रास अल खैमाच्या रस्त्यावर रोज जाणाऱ्याचा प्रवास सुखाचा होवो. गिरगावातल्या वृद्धेच्या मनाला शांती लाभो. आणि त्या दोन मुली जेथे जातील तेथे त्यांना बसायला जागा मिळो, व शेजारी येऊन बसणारे माणूस मिळो.